जुन्या टीव्हीवरच्या जाहिराती: पैसा कुणाचा असायचा, फिल्म पडद्यावर कशी यायची, आणि आज ते हुबेहूब कसं दाखवायचं?

धरमपेठकर

नमस्कार मंडळी. नागपुरात आमच्या कॉलेजात माध्यमांच्या इतिहासावर प्रदर्शन लावतो आहोत. एक खोली १९८० च्या दशकातल्या बैठकीसारखी सजवायची, शटरवाल्या लाकडी कॅबिनेटचा २० इंची कृष्णधवल टीव्ही ठेवायचा आणि त्यावर तीन मिनिटांचा जाहिरातींचा गठ्ठा फिरत ठेवायचा, असा बेत आहे. जाहिराती मुलं नव्यानेच करणार, सगळा माल काल्पनिक. तीन ठिकाणी अडलं आहे.

एक, भिंतीवरच्या फलकासाठी: अमेरिकेत सुरुवातीला प्रायोजक अख्खा कार्यक्रमच ताब्यात ठेवायचा असं वाचलं. आपल्याकडे काय होतं? दोन, मुलांनी मोबाइलवर चित्रित करून वर ओरखडे, धूळ, थरथर असं सगळं घातलं, तरी ते खोटंच दिसतं. नेमकं काय चुकतंय? तीन, टीव्ही चालू आहे, पण त्याला फक्त अँटेनाची जागा आहे. लॅपटॉपला कन्व्हर्टर आणि मॉड्युलेटर (चित्र-आवाज अँटेनाच्या जागेतून घेता येईल अशा सिग्नलमध्ये बदलणारी डबी) लावून चित्र आलं. आवाजाच्या जागी मात्र नुसती खरखर. माणसंही लांबोडकी दिसतात.

---

जुने_प्रक्षेपण

फलकाची सुरुवात नागपूरपासूनच करा, तेवढा हक्क शहराचा आहे. आकाशवाणीवर जाहिराती सुरू झाल्या १ नोव्हेंबर १९६७ रोजी, विविध भारतीवर, आणि त्या मुंबई, पुणे व नागपूर इथून. म्हणजे दूरदर्शनवर पहिली जाहिरात लागण्याच्या आठ वर्षं आधीच इथल्या व्यापाऱ्याला ‘सेकंद विकत घेणं’ म्हणजे काय ते कळलेलं होतं. त्याआधी सरकारी रेडिओ जाहिराती घेतच नव्हता, म्हणून तो पैसा समुद्रापलीकडे रेडिओ सिलोनला जायचा. बिनाका गीतमाला १९५२ पासून तिथूनच लागायची.

दूरदर्शन दिल्लीत १५ सप्टेंबर १९५९ ला सुरू झालं, मुंबईत २ ऑक्टोबर १९७२ ला. जाहिराती आल्या थेट १ जानेवारी १९७६ ला. त्यानंतर तीन महिन्यांनी, १ एप्रिलला, दूरदर्शन आकाशवाणीपासून वेगळं झालं. पहिली सोळा वर्षं आपला टीव्ही जाहिरातीविना चालला, हे आजच्या मुलांना सांगायलाच हवं.

आता अमेरिका. तिथे व्यापारी टीव्हीला परवानगी मिळाली १ जुलै १९४१ ला आणि त्याच दिवशी न्यूयॉर्कच्या डब्ल्यूएनबीटी या केंद्रावर बुलोव्हा घड्याळाची जाहिरात लागली. बेसबॉलच्या सामन्याआधी पडद्यावर घड्याळाची तबकडी आणि सोबत एक वाक्य, बस. खर्च ९ डॉलर. ही झाली सेकंदांची खरेदी. पण पुढची पंधरा-एक वर्षं तिथे चलती होती ती दुसऱ्या पद्धतीची: कंपनी अख्खा कार्यक्रम घ्यायची. संहिता, कलाकार, दिग्दर्शक सगळं कंपनीच्या जाहिरात संस्थेच्या हातात. केंद्र देणार फक्त स्टुडिओ आणि वेळ. कार्यक्रमाचं नावच कंपनीचं. १९४८ च्या विनोदी कार्यक्रमाच्या नावात टेक्साको ही तेलकंपनी, १९४९ च्या बातमीपत्राच्या नावात कॅमल सिगारेट.

ती पद्धत मोडली दोन कारणांनी. पहिलं कारण पैशाचं. कार्यक्रम महाग होत गेले तसं एका कंपनीला अख्खा तास परवडेना. एनबीसी या वाहिनीच्या पॅट वीव्हर यांनी मासिकाचा हिशेब टीव्हीला लावला: मजकूर आमचा, पानं तुमची. एका कार्यक्रमात चार-पाच जाहिरातदार बसले की कुणा एकाचीच सत्ता राहत नाही. दुसरं कारण प्रश्नमंजूषांचा घोटाळा. ‘ट्वेंटी-वन’ या कार्यक्रमात स्पर्धकांना उत्तरं आधीच पुरवली जात होती, हे १९५८-५९ मध्ये उघड झालं. प्रायोजक होतं जेरिटॉल हे टॉनिक. प्रायोजकाला प्रेक्षक हवेत, प्रेक्षकांना आवडता स्पर्धक टिकायला हवा, म्हणून मग निकालच रचायचा. त्यानंतर कार्यक्रमांची सूत्रं वाहिन्यांनी आपल्याकडे घेतली.

ब्रिटनने आधीच कुंपण घातलं होतं. १९५४ च्या कायद्याने कार्यक्रमाचं प्रायोजकत्वच बंद. फक्त सुट्या जाहिराती, त्याही कार्यक्रमापासून वेगळ्या ओळखू येतील अशा. जाहिरातींवर चालणारं आयटीव्ही सुरू झालं २२ सप्टेंबर १९५५ ला आणि पहिली जाहिरात होती गिब्ज एसआर टूथपेस्टची.

आणि फलकाचं खरं वाक्य इथे आहे: भारत या रस्त्यावर उलटा चालला. आपण १९७६ मध्ये ब्रिटिश वळणाच्या सुट्या जाहिरातींनी सुरुवात केली आणि १९८० नंतर प्रायोजित कार्यक्रमांकडे गेलो, म्हणजे अमेरिकेने जे सोडलं त्या दिशेला. ‘हम लोग’ ७ जुलै १९८४ ते १७ डिसेंबर १९८५, दीडशेहून जास्त भाग, प्रायोजक मॅगी. उलटं का गेलो? कारण ट्रान्समीटर कार्यक्रमांच्या पुढे धावले. ३० ऑगस्ट १९८३ ला इन्सॅट-१बी हा उपग्रह अवकाशात गेला आणि १९८४ मध्ये देशभर १०० वॅटचे छोटे ट्रान्समीटर भराभर उभे राहिले. घरोघरी अँटेना लागले, पण रोज संध्याकाळी दाखवायचं काय? ते तास प्रायोजकाच्या पैशाने भरले. याच सुमाराला टपाल कार्यालयात भरायचं टीव्हीचं लायसन्सही रद्द झालं, म्हणजे सरकारी तिजोरी सोडली तर जाहिरातच उरली.

नागपूरचा आणखी एक धागा घ्या. १९८४ च्या ‘ये जो है जिंदगी’चं प्रायोजकत्व विकोचं, आणि विकोचे संस्थापक केशव विष्णू पेंढरकर मुंबईला गेले ते नागपूरहून.

---

सोळा_एमएम

दुसऱ्या प्रश्नाला हात घालतो. ओरखडे काढून टाका, आधी तेच. टीव्हीवर जाणारी प्रिंट बहुधा ताजी असायची. दहा वर्षं गावोगाव फिरलेल्या सिनेमाच्या रिळाची दशा तिची नसायची. आणि सुरुवातीला ८, ७, ६ असे उलटे आकडे दाखवत असाल तर तेही काढा. ते आकडे टेलीसिने, म्हणजे फिल्मचं टीव्हीच्या सिग्नलमध्ये रूपांतर करणारं यंत्र, चालवणाऱ्यासाठी असतात. तो रीळ एका आकड्यावर थांबवून ठेवतो आणि इशारा मिळताच सोडतो. ‘२’ नंतर काळी पट्टी असते, त्यात यंत्र वेग धरतं आणि मग चित्र हवेत जातं. घरच्या प्रेक्षकाला आकडे दिसले, तर ती केंद्रातली चूक समजायची.

खरेपणा चार गोष्टींत आहे.

वेग. सिनेमाची फिल्म सेकंदाला २४ फ्रेम, आपला टीव्ही २५. टेलीसिनेत फिल्म सरळ २५ नेच पळवायचे. त्यामुळे २४ ने चित्रित केलेली ३० सेकंदांची जाहिरात, म्हणजे ७२० फ्रेम, टीव्हीवर २८.८ सेकंदांत संपते आणि आवाज चारेक टक्के वर चढतो. सिनेमागृहासाठी बनवलेली जाहिरात टीव्हीवर किंचित घाईत वाटायची ती यामुळे. पूर्ण ३० सेकंद भरायचे तर ७५० फ्रेम हव्यात: ३५ मिमीमध्ये फुटाला १६ फ्रेम, म्हणजे जवळपास ४७ फूट, १६ मिमीमध्ये फुटाला ४० फ्रेम, म्हणजे पावणेएकोणीस फूट. मुलांनी २४ ने चित्रित करावं, एडिटिंगमध्ये २५ वर ‘इंटरप्रिट’ करावं (म्हणजे त्याच फ्रेम २५ च्या वेगाने चालवाव्यात) आणि आवाजाची पट्टी सुधारणारं बटण बंद ठेवावं. फ्रेम गाळू किंवा मिसळू देऊ नका, नाहीतर हालचाल धुरकट होते.

आवाज. ही गोष्ट एडिटरच्या टेबलावर जाऊन पाहण्यासारखी आहे. १६ मिमी फिल्मवर चित्राचा आवाज त्या चित्राशेजारी नसतो, तर २६ फ्रेम पुढे छापलेला असतो, कारण प्रोजेक्टरमध्ये चित्राची खिडकी आणि आवाज वाचणारा दिवा यांच्यात तेवढं अंतर असतं. आता एका गठ्ठ्यातल्या सहा जाहिराती एकाच रिळावर जोडायच्या आहेत. जोडणारा पहिल्या चित्राच्या कडेवर कात्री लावतो, टेप मारतो, पुढची फिल्म चिकटवतो. त्या कापात नव्या जाहिरातीच्या पहिल्या २६ फ्रेमचा आवाज कचऱ्याच्या टोपलीत गेलेला असतो. एक सेकंदाहून थोडा जास्त. निवेदकाने पहिल्याच फ्रेमला मालाचं नाव घेतलं असेल, तर प्रेक्षकाला नावाचं शेपूटच ऐकू येणार. म्हणून जाणते लोक पहिला सेकंदभर नुसतं चित्र ठेवायचे, शब्द आणि संगीत त्यानंतर. तुमच्या जाहिरातींतही हा मुका सेकंद ठेवा. जुनेपणा सगळ्यात जास्त यानेच येतो आणि ज्याने तो काळ पाहिला आहे त्याला तो कारण न सांगता ओळखू येतो. त्या ध्वनिपट्टीचा पल्लाही तोकडा: १०० हर्ट्झच्या खालचं आणि ५,००० हर्ट्झच्या वरचं कापून टाका. खोलीतला घुमणारा आवाज चालणार नाही, निवेदकाला माइकच्या एक वीत अंतरावर बसवा.

करडे रंग. कृष्णधवल टीव्हीत उजेडाचा हिशेब असा: लाल ०.३०, हिरवा ०.५९, निळा ०.११. पूर्ण लाल अक्षरं आणि निम्म्या उजेडाची हिरवी पार्श्वभूमी शेजारी ठेवली तर दोन्ही सारखीच करडी, अक्षरं गायब. लाल-हिरव्या वेष्टनाची साबणवडी दुकानात उठून दिसायची आणि टीव्हीवर तिचा नुसता ठोकळा व्हायचा. त्यामुळे टीव्हीसाठी वेगळं वेष्टन रंगवून घ्यावं लागे. मुलांनाही तेच करायला लावा: वेष्टन आधी काळं, करडं, पांढरं रंगवा आणि मगच चित्रण करा. शुभ्र पांढरा कुर्ता नको, त्याच्याभोवती उजेड पसरतो आणि चेहरा काळवंडतो; फिकट निळा किंवा मळकट पांढरा घ्या. बारीक रेघांची, चौकड्यांची साडी कॅमेऱ्यासमोर थरथरते, तीही टाळा.

प्रकाश आणि चौकट. सिनेमाची प्रिंट टीव्हीला फार गडद पडते, सावल्या बुजून काळे डाग होतात. म्हणून मुख्य दिवा आणि सावली भरणारा दिवा यांचं प्रमाण २:१ च्या आसपास ठेवायचं, नाट्यमय अंधार नको. चौकट ४:३. घरचा टीव्ही चित्राच्या कडा खातो, म्हणून अक्षरं मधल्या ८० टक्क्यांतच. जाहिराती एकमेकींत विरघळवू नका; मधे अर्धा ते एक सेकंद काळं, आणि एकदम पुढची.

अनेकांना प्रश्न पडतो की कार्यक्रम थेट आणि जाहिरात फिल्मवर, असं का? कारण १९५६ पर्यंत टेपच नव्हती. त्या वर्षी अँपेक्सचं दोन इंची टेपचं यंत्र आलं, किंमत ४५,००० डॉलरच्या घरात. त्याआधी दोनच मार्ग: निवेदिकेने स्टुडिओत उभं राहून फ्रीजचं दार उघडून दाखवायचं, नाहीतर फिल्म. फिल्मची प्रिंट मात्र हवी तितक्या केंद्रांना पाठवता येते आणि दार ऐनवेळी अडकत नाही.

---

सेकंदांचा_हिशेब

वरच्या पहिल्या उत्तरात एक भर घालणं गरजेचं आहे, नाहीतर फलक वाचणाऱ्याचा गैरसमज होईल. आपण अमेरिकेच्या दिशेला गेलो हे खरं, पण तिथवर पोचलो नाही. अमेरिकेत प्रायोजकाची जाहिरात संस्थाच कार्यक्रमाची मालक. आपल्याकडे निर्माता बाहेरचा असला तरी मंजुरी दूरदर्शनची, वेळ दूरदर्शनची, जाहिरातींची आचारसंहिताही सरकारी. प्रायोजक शुल्क भरायचा आणि त्या बदल्यात त्याला नावाची पाटी व ठरावीक सेकंद मिळायचे. या सेकंदांना धंद्यात ‘फ्री कमर्शियल टाइम’ म्हणतात. फुकट काहीच नव्हतं, किंमत शुल्कात धरलेली असायची. पुढे निर्माते हेच सेकंद इतर कंपन्यांना विकू लागले, आणि तिथून प्रायोजक व सुटी जाहिरात यांची सरमिसळ झाली. फलकावर ‘प्रायोजक मालक होता’ असं लिहू नका, ‘प्रायोजक भाडेकरू होता’ हे जास्त खरं आहे.

गठ्ठ्याची मांडणी: १०, २० आणि ३० सेकंद ही नेहमीची मापं. १८० सेकंदांत ३० च्या तीन, २० च्या तीन, १० च्या तीन बसतात. पण नऊ जाहिरातींमधल्या आठ काळ्या फटी एकेक सेकंदाच्या धरल्या तर आठ सेकंद वर जातात. १० ची एक काढा, म्हणजे फटी सात. १७० अधिक ७, एकूण १७७. उरलेल्या तीन सेकंदांत शेवटची पाटी. आणि हा गठ्ठा कार्यक्रमाच्या आधी किंवा नंतर लावा. दर आठ मिनिटांनी मधे घुसणारी जाहिरात ही नंतरच्या वाहिन्यांची सवय.

काल्पनिक माल निवडताना सांभाळा. सावकारी, चिटफंड, विवाह जुळवणाऱ्या संस्था, ज्योतिषी यांना आचारसंहितेत मनाई होती. दारू-सिगारेटचा प्रश्नच नाही. साबण, चहा, सायकल, सिलिंग फॅन, प्रेशर कुकर, दंतमंजन हे घ्या.

आणखी एक मोह होईल: बर्डीवरच्या (सीताबर्डी बाजारातल्या) साड्यांच्या दुकानाची जाहिरात घालण्याचा. राष्ट्रीय कार्यक्रमाच्या गठ्ठ्यात ती घालू नका. तो कार्यक्रम दिल्लीहून उपग्रहामार्गे यायचा आणि छोटे ट्रान्समीटर आलेलं तसंच पुढे सोडायचे. तिथे ना स्टुडिओ, ना टेलीसिने. मधे काही घालायची सोयच नव्हती. सेमिनरी हिल्सवरचं आपलं केंद्र इन्सॅटसाठी कार्यक्रम करणाऱ्या देशातल्या मोजक्या केंद्रांपैकी एक, पण ते काम ग्रामीण आणि शैक्षणिक कार्यक्रमांचं. स्थानिक दुकानदाराची जागा विविध भारतीवर, किंवा सिनेमागृहात मध्यंतराआधी दाखवायच्या काचेच्या स्लाइडवर. खोलीत एक रेडिओ ठेवा आणि साडीची जाहिरात त्याच्यावर लावा, ते चपखल बसेल.

---

पिक्चर_ट्यूब

धरमपेठकर भाऊ, तिसरा प्रश्न. आवाज नाही म्हणजे मॉड्युलेटरची पद्धत चुकली आहे. आपले जुने संच पॅल-बी या प्रक्षेपण पद्धतीचे: ६२५ रेघा, चित्र आणि आवाज यांच्या लहरींत ५.५ मेगाहर्ट्झचं अंतर. मॉड्युलेटर इतर देशांच्या पद्धतींवर, म्हणजे एम वर असेल तर ते ४.५ असतं, आय वर ६.०, डी/के वर ६.५. चित्र येतं, आवाज मात्र संच जिथे शोधतो तिथे नसतोच, म्हणून खरखर. मागे बारीक स्विच किंवा मेनू असेल, बी/जी निवडा. तसा पर्याय नसेल तर मॉड्युलेटर बदला, टीव्हीतली कॉइल फिरवू नका. घेताना व्हीएचएफ बँड तीनवर चालणारा मागा. नुसता यूएचएफ असेल तर जुन्या गोल चकतीच्या ट्यूनरवर काहीच सापडणार नाही.

माणसं लांबोडकी दिसतात, कारण एचडीएमआय कन्व्हर्टर रुंद चित्र ४:३ मध्ये दाबतो. उपाय सोपा: ४:३ ची फिल्म एक्स्पोर्ट करताना मुद्दाम १९२० बाय १०८० भरून ताणा. लॅपटॉपवर माणसं जाडी दिसतील, टीव्हीवर बरोबर होतील. कन्व्हर्टरचा स्विच पॅलवर ठेवा. एनटीएससीवर (अमेरिकी पद्धतीवर) राहिला तर चित्र खालून वर पळत राहतं, आणि व्हर्टिकल होल्डच्या बटणाने अडवलं तरी उंचीला बसकं होतं. फाइल आधीच कृष्णधवल करा, नाहीतर रंगाच्या सिग्नलची बारीक ठिपक्यांची जाळी दिसते.

जोडणी: मॉड्युलेटर ७५ ओहमचा, टीव्हीचे दोन स्क्रू ३०० ओहमचे, मधे ‘बलून’ (balun, या दोन्हींचा मेळ घालणारा छोटा जोड) लागतो. चित्र काळपट, वाकडं आणि सोबत गुरगुर येत असेल तर सिग्नल जास्त होतोय, १० ते २० डीबीचा अटेन्युएटर (सिग्नल कमी करणारा जोड) घाला. चॅनेलची चकती फिरवताना चित्र येतं-जातं, तेव्हा संपर्क काळे पडलेले असतात. प्लग काढून कॉन्टॅक्ट क्लीनर मारायचा आणि चकती वीस-पंचवीस वेळा फिरवायची.

आता जे सांगतो ते कृपा करून पाळा. बऱ्याच कृष्णधवल संचांची चासी (आतला धातूचा सांगाडा) थेट मेनच्या एका तारेला जोडलेली असते. ऑडिओ-व्हिडिओची पिन आत डकवून देतो म्हणणारा कुणी भेटला तर नको म्हणा. तशी जोडणी केली की लॅपटॉपचा पत्रा २३० व्होल्टवर जाऊ शकतो आणि प्रदर्शनात मुलं हात लावणारच. अँटेनाच्या जागेला आत कपॅसिटरने अलग केलेलं असतं, म्हणून तीच वाट घ्या. मागचं झाकण उघडू नका. ट्यूबच्या रबरी टोपीखाली १५,००० व्होल्टच्या आसपास दाब असतो आणि प्लग काढल्यावरही तो टिकतो. बरेच दिवस बंद पडलेला संच असेल, तर मेकॅनिककडून पहिल्यांदा १०० वॅटच्या पिवळ्या बल्बच्या सिरीजमध्ये चालू करून घ्या. बल्ब भपकन पेटून तसाच राहिला, तर आत शॉर्ट आहे. पेटून मंदावला, तर पुढे जायला हरकत नाही.

---

धरमपेठकर

आवाज आला! स्विच डी/के वर होता. चित्रही सरळ झालं. आता एकच: संच दिवसाचे सात तास चालवायचा आहे, चालेल का? आणि गठ्ठ्यातल्या दोन जाहिराती बाकीच्यांपेक्षा फार मोठ्याने वाजतात.

---

सोळा_एमएम

दोन्ही जाहिरातींचा सर्वोच्च आवाज मोजलात तर तो इतरांएवढाच निघेल. फरक सरासरीत आहे. मुलांनी कॉम्प्रेसर लावून हळू शब्दही वर उचलले असणार, म्हणून कानाला मोठं वाटतं. प्रेक्षकांची ही तक्रार फार जुनी आहे आणि कारणही हेच. सरासरी पातळीवर आठही सारख्या करा, मीटरच्या टोकावर जाऊ नका. ऐकून ठरवायचं ते टीव्हीच्याच स्पीकरवर, हेडफोनवर नाही.

---

पिक्चर_ट्यूब

सलग सात तास नको. दोन तास चालू, अर्धा तास बंद असं ठेवा. मागे भिंतीपासून किमान सहा इंच मोकळं सोडा, वरच्या जाळीवर क्रोशाचा रुमाल टाकायचा मोह आवरा आणि कूलरचा ओला वारा थेट संचावर येऊ देऊ नका. ओलाव्याने त्या १५,००० व्होल्टच्या भागात ठिणग्या उडतात. शेवटची पाटी पडद्यावर तासन्‌तास थांबवून ठेवू नका, नाहीतर अक्षरांचा ठसा ट्यूबवर कायमचा उमटू शकतो. ब्राइटनेस निम्म्याच्या खाली ठेवून खोलीतला उजेड कमी करा. भेट देणारे मोबाइलवर चित्रण करतील आणि त्यात काळे पट्टे धावतील. शेजारी छोटी सूचना लावा की शटर १/५० वर ठेवा.